बालीची एक दिवसाची टूर: भाताची खाचरं, उबुदची कला आणि डोंगरउतारावरचं जेवण (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

बालीला येणाऱ्या मराठी मंडळींसाठी मी उबुदमधून एका दिवसाची टूर लावून देते. सकाळी भाताची खाचरं, मग तिथेच उतारावर बसून निवांत जेवण, दुपारी चित्रं नाहीतर लाकूडकाम, आणि अंगात जोर उरला असेल तर रात्री नाच. व्हॉट्सअॅपवर जे प्रश्न सारखे येतात त्यांची उत्तरं इथे एका जागी लिहिलीयेत. तुम्ही स्वतःच गाडी करून जाणार असाल तरी हे वाचा, बराच त्रास वाचेल.

दिवस कसा जातो? नक्की काय काय बघायचं?

सकाळी ७ ला उबुदच्या हॉटेलवरून निघायचं. लवकर वाटतंय ना, पण बाली आपल्यापेक्षा अडीच तास पुढे आहे, त्यामुळे पहिल्या दिवशी तिथले ७ म्हणजे शरीराला पहाटेचे साडेचार वाटतात, म्हणून ही टूर आल्या आल्या ठेवू नका, एक-दोन दिवस जाऊ द्या. साडेआठच्या सुमारास जातिलुवीहच्या खाचरांपाशी पोचतो, बांधाबांधानं दोनेक तास चालतो, साडेअकराला तिथेच जेवायला बसतो आणि तासभर तरी उठत नाही. मग परत उबुद, तिथे चित्रांचं म्युझियम किंवा मास गावातलं लाकूडकाम, यापैकी एकच. संध्याकाळी हॉटेलवर जाऊन अंघोळ करा, आणि साडेसातच्या आसपास राजवाड्याच्या अंगणात लेगोंग नाच असतो तो बघा.

एवढंच का, असं बरेच जण विचारतात, कारण बाहेर याच नावाच्या टूर मिळतात त्यात धबधबा, तीन देवळं, स्विंग, माकडांचं जंगल, चांदीचं दुकान, कॉफीचा मळा असे आठ-नऊ स्टॉप असतात. त्यात प्रत्येक ठिकाणी वीस-पंचवीस मिनिटं मिळतात आणि बाकी सगळा वेळ गाडीत. उबुदचं ट्रॅफिक दुपारनंतर पुण्याच्या लक्ष्मी रोडला लाजवेल असं असतं. मला मनापासून वाटतं की खाचरं नीट कळायला एक अख्खी सकाळ लागते, म्हणून मी स्टॉप वाढवत नाही.

तेगलालांग बरं की जातिलुवीह?

वेळ असेल तर जातिलुवीह. तेगलालांग उबुदपासून नऊ-दहा किलोमीटरवर, अर्ध्या तासात पोचता, एक अरुंद खोल घळ आहे आणि तिच्या दोन्ही अंगांना खाचरं उतरत गेलीयेत, वर रस्त्याला लागून कॅफे, खाली नारळाची झाडं. फोटोत जे दिसतं ते बहुतेक हेच. पण नऊ वाजल्यानंतर तिथे बांधावरून चालायला रांग लागते. तेगलालांगच करायचं असेल तर सात-साडेसातला पोचा, तेव्हा ऊन तिरपं असतं, गवतावर दव असतं आणि शेतकरी कामाला आलेले असतात.

जातिलुवीह पश्चिमेला, ताबानान जिल्ह्यात, बाटुकारू डोंगराच्या दक्षिण उतारावर, साधारण ७०० मीटर उंचीवर. उबुदहून दीड तास तरी धरा. इथे घळ नाहीये, डोंगराच्या अंगावर सहाशे हेक्टरच्या वर पसरलेली खाचरंच खाचरं, आणि मधून चालायला रंगांच्या खुणा केलेल्या छोट्या-मोठ्या वाटा. गर्दी असली तरी विरून जाते. हवा गार, दुपारी ढग डोंगरावर येऊन बसतात, त्यामुळे सकाळीच जायचं.

तेगलालांग युनेस्कोच्या यादीत आहे ना?

नाही. खूप ठिकाणी तसं लिहिलेलं असतं पण २०१२ साली जागतिक वारशात जे आलं त्यात पाच जागा आहेत: बाटुरचं उलुन दानू देऊळ, बाटुर तलाव, पाकेरिसान नदीच्या खोऱ्यातली शेती, बाटुकारूच्या परिसरातली शेती ज्यात जातिलुवीह येतं, आणि मेंग्वीचं तामान आयुन हे राजघराण्याचं देऊळ. तेगलालांग त्यात नाही. सुंदर आहेच, सुबाक म्हणजे पाणी वाटून घेणारी शेतकऱ्यांची संघटना, तीही तिथे आहेच, पण यादीतलं ठिकाण बघितलं असं सांगायचं असेल तर जातिलुवीहलाच जावं लागेल.

आणि एक, युनेस्कोनं जपायला घेतलंय ते नुसतं दृश्य नाही, पाणी वाटून घेण्याची पद्धत आहे.

ही सुबाक सुबाक म्हणतात ती काय भानगड आहे?

टूरचा जीव यातच आहे त्यामुळे जरा लांबण लावते.

सुबाक म्हणजे एकाच पाटाचं पाणी घेणाऱ्या शेतकऱ्यांची संघटना. नवव्या शतकापासून चालत आलीये. गाव वेगळं, सुबाक वेगळी, एका गावातल्या माणसांची शेतं दोन-तीन सुबाकांत असू शकतात, कारण सुबाक माणसांच्या वस्तीवरून ठरत नाही, पाण्यावरून ठरते. तिचा एक प्रमुख असतो, त्याला पेकासेह म्हणतात, शेतकरीच त्याला निवडतात. आविग-आविग नावाचे स्वतःचे नियम असतात, पाणी चोरलं, बांध फोडला, पाट साफ करायच्या दिवशी आला नाही तर दंड.

आता पाणी वाटायचं कसं ते बघा. डोंगरातला ओढा बंधारा घालून वळवतात, काही ठिकाणी टेकडीच्या पोटातून हातानं खणलेल्या बोगद्यातून पाणी पलीकडे आणलंय. मग पाटाला जिथे फाटे फुटतात तिथे आडवा एक ओंडका बसवलेला असतो, हल्ली बऱ्याच ठिकाणी सिमेंटचा, आणि त्याला खाचा पाडलेल्या असतात. एक खाच वीतभर रुंद, शेजारची चार बोटं. ज्या बाजूच्या शेतांचा वाटा जास्त तिकडची खाच रुंद. आम्ही तिथे गुडघ्यावर बसवून दाखवतो, कारण उभ्यानं ते दिसतच नाही, शेवाळ धरलेल्या लाकडावरून पाणी पातळ होऊन सरकतं आणि खाचेपाशी येऊन दोन रस्त्यांना लागतं. झडप नाही, मीटर नाही. पाटात पाणी कमी आलं तर सगळ्यांनाच त्याच प्रमाणात कमी मिळतं, आणि कुणी खाच अर्धं बोट जरी वाढवली तरी सकाळी पाटावर येणाऱ्या दहा जणांना ते दिसतं.

धुळे-नाशिककडच्या मंडळींना हे ऐकून लगेच फड पद्धत आठवते. पांझरा, मोसम या नद्यांवर बंधारे बांधून पाटाचं पाणी फडाफडानं वाटून घ्यायची जी जुनी रीत आहे, पाटकरी, जागल्या, एका फडात एकच पीक, ती आणि ही सख्ख्या नसल्या तरी चुलत बहिणी शोभतील. आमच्या ग्रुपमध्ये तिकडचं कुणी असलं की गाइडशी त्यांचीच चर्चा रंगते, बाकीचे फोटो काढून परत आले तरी हे ओंडक्यापाशीच.

फरक एवढा की बालीत हे सगळं देवळांशी बांधलेलं आहे. बंधाऱ्यापाशी देऊळ, सुबाकचं देऊळ, शेताच्या कोपऱ्यात देवी श्रीचं, म्हणजे भाताच्या देवीचं, छोटं ठाणं, आणि सगळ्यात वर बाटुर ज्वालामुखीच्या विवराच्या कडेला उलुन दानू, तलावाच्या देवीचं. कुणी कधी पेरायचं, कधी शेत रिकामं ठेवायचं हे या देवळांतल्या पूजांच्या वेळापत्रकानं ठरतं. शेजारशेजारच्या सुबाका एकाच वेळी शेत रिकामं ठेवतात त्यामुळे किडीला खायला काही उरत नाही, आणि वरच्या-खालच्या सुबाकांच्या पाळ्या मागेपुढे असल्यामुळे सगळ्यांना एकदम पाणी लागत नाही. दोन्ही गोष्टी एकाच पंचांगात बसवलेल्या.

१९७० च्या दशकात सरकारनं नवीन बियाणं, खतं, औषधं आणली आणि सांगितलं की पाळ्या सोडा, जमेल तेवढ्या वेळा भात लावा. सुरुवातीला पीक वाढलं, मग तपकिरी तुडतुडे आणि रोग असे वाढले की शेतंच्या शेतं गेली, पाण्याची ओढाताण वेगळी. स्टीफन लान्सिंग नावाचे अमेरिकन मानववंशशास्त्रज्ञ तेव्हा तिथे अभ्यास करत होते, त्यांनी आणि जेम्स क्रेमर या पर्यावरणशास्त्रज्ञांनी कॉम्प्युटरवर मॉडेल करून दाखवलं की देवळांच्या वेळापत्रकानं जे चाललं होतं त्यातच एकूण पीक चांगलं येतं. पुढे शेतकऱ्यांना परत आपल्या पद्धतीनं जाऊ दिलं. हे मी प्रत्येक ग्रुपला सांगतेच, कारण त्याशिवाय समोरचा डोंगर नुसता वॉलपेपर वाटतो.

त्रि हित करण हे नाव सगळीकडे दिसतं, ते काय?

माणूस आणि देव, माणूस आणि माणूस, माणूस आणि निसर्ग या तिन्ही नात्यांत बिघाड होऊ द्यायचा नाही, ही बालीच्या हिंदूंची धारणा. खाच पाडलेला ओंडका, दंडाचा नियम आणि बांधावरचं ठाणं, तिन्ही तिथे शेजारी शेजारी दिसतात.

कुठल्या महिन्यात आलो तर हिरवंगार दिसेल?

हमी देता येत नाही. इथे भात वर्षभर केव्हाही उभा असू शकतो, आपल्यासारखं मृगात पेरून दिवाळीला कापणी असं नाही. नवीन वाणांना साडेतीन-चार महिने लागतात, जातिलुवीहच्या जुन्या लाल भाताला पाच-सहा महिने. त्यामुळे एकाच महिन्यात एका खोऱ्यात लावणी आणि पलीकडच्या खोऱ्यात कापणी असं असतं. सुबाक सगळी एकदम लावते म्हणून त्या त्या उताराचा रंग मात्र एक असतो.

पण हिरव्याचाच हट्ट का करायचा? चिखलणी झाल्यावर खाचरात नुसतं पाणी असतं, तेव्हा सकाळी प्रत्येक पायरीत आभाळ उतरलेलं असतं, फोटोवाल्यांना तोच काळ आवडतो. पोपटी रोपं, मग गर्द हिरवं, मग भात पोटरीत येतो, लोंब्या बाहेर पडतात, पिवळं पडायला लागलं की पाखरं हाकलायला बांबूची वाऱ्यावर खुळखुळणारी चक्रं आणि बुजगावणी लागतात. कापणीनंतर शेतात बदकं सोडतात, ती सांडलेले दाणे, गोगलगाई, किडे खात चिखलात फिरत असतात, लहान मुलांना हेच सगळ्यात जास्त आवडतं. आठवडाभर आधी मला विचारलंत तर त्या वेळी काय उभं आहे ते सांगते, त्यावरून जातिलुवीह की तेगलालांग की पूर्वेकडचं सिदमेनचं खोरं ते ठरवू.

पावसाचं म्हणाल तर एप्रिल ते ऑक्टोबर कोरडा काळ, नोव्हेंबर ते मार्च ओला. जुलै-ऑगस्टला हवा मस्त पण गर्दी आणि भाव दोन्ही चढे. माझी पसंती मे, जून आणि सप्टेंबरला.

पाऊस लागला तर टूर कॅन्सल?

नाही. बालीचा पाऊस बहुतेक वेळा दुपारी तास-दोन तास धो धो येतो आणि जातो, म्हणूनच खाचरं सकाळी आणि म्युझियम दुपारी ठेवलंय. बांध मात्र निसरडे होतात, तेव्हा फ्लोटर नकोत, मागे पट्टा असलेले ग्रिपवाले सँडल किंवा बूट.

खाचरात उतरता येतं का? स्विंगवर बसायचंय.

बांधावरून चाला, खाचरात पाय घालू नका. बांध म्हणजे चिखल थापून केलेली भिंत असते, कडेवर पाय पडला की ढासळते आणि पाणी खालच्या खाचरात निघून जातं, मग त्या माणसाचा अर्धा दिवस ते लिंपण्यात जातो. दोन जण समोरासमोर आले तर शेतकऱ्याला आधी जाऊ द्यायचं, त्याच्या डोक्यावर भारा असतो. तेगलालांगला वाटेत काही ठिकाणी डबा घेऊन बसलेले असतात, त्यांच्या शेतातून जातो आपण, दहा-वीस हजार रुपिया टाकावेत, त्यावरून हुज्जत घालू नका. त्या शेतावरून चालणाऱ्यांमुळे हॉटेलं, कॅफे, गाड्या सगळ्यांचं भागतं, आणि ज्याचं शेत त्याच्या हातात फार थोडं येतं, भात विकून तर त्याहून कमी. म्हणूनच जागोजागी खाचरं विकून व्हिला उभे राहतायत. डब्यात पैसे टाकताना मला कधीच वाईट वाटत नाही.

स्विंग तेगलालांगला पुष्कळ आहेत, लांब झग्यासकट भाड्यानं मिळतात, पैसे वेगळे. बसायचं असेल तर जरूर बसा, फक्त दोरी, बकल आणि कमरेचा पट्टा स्वतः ओढून बघा. आपल्या टूरमध्ये तो स्टॉप नाही.

चित्रांतलं आम्हाला काही कळत नाही, म्युझियम बोअर होईल का?

हा प्रश्न आला की मी पुरी लुकिसानलाच नेते. उबुदच्या मेन रोडवर आहे, आत शिरलात की बाग, कमळांची तळी, आणि चार इमारतींत चित्रं. १९५६ साली उघडलेलं. त्याच्या आधीची गोष्ट थोडी माहीत असली की मजा येते. जुन्या काळी बालीत चित्रं देवळांसाठी आणि राजवाड्यांसाठी काढायचे, कामासान गावची शैली, रामायण-महाभारतातली पात्रं, बाहुल्यांच्या खेळातल्यासारखी तीन-चतुर्थांश वळलेली तोंडं, ठरलेले रंग. १९२०-३० च्या सुमारास वॉल्टर स्पीस हा जर्मन आणि रुडॉल्फ बोनेट हा डच, असे दोन चित्रकार उबुदला येऊन राहिले, उबुदच्या राजघराण्यातले चोकोर्दा गडे आगुंग सुकावती आणि गुस्ती न्योमान लेम्पाड हा अफाट कलाकार यांच्याबरोबर १९३६ मध्ये त्यांनी पिता महा नावाची कलाकारांची संघटना काढली. तिथून बाजार, शेत, कापणी, अंघोळ करणाऱ्या बायका असं रोजचं जगणं चित्रांत आलं आणि चित्रकार आपलं नाव खाली लिहायला लागले.

पण हे काम परदेशी लोकांनी शिकवलं असं मात्र समजू नका. लेम्पाड आधीपासूनच वास्तू आणि कोरीवकामातला उस्ताद होता, उबुदचं सरस्वतीचं देऊळ त्यानंच उभं केलंय. त्याची शाईची रेखाटनं म्युझियममध्ये आहेत, त्यापुढे जरा थांबा. अख्खा कागद जवळजवळ कोरा, आणि एकच बारीक रेघ खांद्यापासून निघून कमरेपर्यंत न थबकता येते. मला त्या रेघा बघून दर वेळी भरून येतं.

बाटुआन गावची शैली याच्या अगदी उलट. त्यात कागदावर बोटभर जागा मोकळी सोडत नाहीत. आधी पेन्सिल, मग शाईची बारीक रेघ, मग पातळ शाईचे थरावर थर देत अंधारातून उजेड काढायचा, आणि शेवटी रंग. एका मोठ्या चित्राला महिनोन् महिने जातात. मुलांना मी सांगते की यात मोबाइल धरलेला टूरिस्ट शोधा, कारण हल्लीचे बाटुआनवाले राक्षस, नाच, पूजा यांच्या गर्दीत स्कूटर आणि कॅमेरावाले पण घुसवतात.

ज्यांना आणखी बघायचंय त्यांच्यासाठी नेका आणि आर्मा ही दोन म्युझियमं आहेत, दोन्ही मोठी आणि चांगली, पण ती त्याच दिवशी नका कोंबू.

लाकूडकाम निवडलं तर काय दिसतं?

मास हे गाव, उबुदच्या दक्षिणेला. रस्त्याला लागून मोठमोठ्या शोरूम आहेत, बस तिथेच थांबतात. आम्ही आतल्या गल्लीत एका घरी जातो. कारागीर जमिनीवर मांडी घालून बसतो आणि लाकूड दोन्ही पायांच्या तळव्यांत धरतो, पाय हाच त्याचा शिकंजा. समोर पटाशांची रांग, बोटाएवढ्या रुंद ते आगकाडीएवढ्या, एक ठोकळ्यासारखी हातोडी. आधी कुऱ्हाडीनं ढोबळ आकार, मग पटाशी, आणि शेवटी बायका पॉलिश पेपरनं घासत बसतात, ते काम कोरण्याहून जास्त वेळ खातं. सुआर, शिवाय जास्वंदीच्या जातीतलं एक लाकूड आणि फिकट पांढरं पांगल बुवाया, अशी लाकडं वापरतात. शिकायचं असेल तर हातात पटाशी पण देतात.

खरेदी कुठे करावी? फसवतात का?

ड्रायव्हर ज्या मोठ्या शोरूमला नेतो तिथे त्याचं कमिशन असतं, हे सगळ्या जगात आहे, आपल्याकडेही आहे. आमच्या टूरमध्ये कमिशनचा स्टॉप ठेवत नाही. उबुद आणि सुकावतीच्या बाजारात जे मिळतं ते बरंचसं एकसारखं माल असतं, तिथे हसत हसत भाव करा, अर्ध्यापासून सुरुवात करायला हरकत नाही. कारागिराच्या घरी मात्र अर्ध्यावर आणू नका, थोडं कमी करून मागा आणि दिलं तर घ्या. "हे खूप जुनं आहे" म्हणून विकतात ते नव्वद टक्के वेळा मुद्दाम जुनं केलेलं असतं, सुंदर असेल तर नवीन समजून नव्याच्या भावात घ्या. चांदीला चेलुक, दगडाच्या मूर्तींना बाटुबुलान. दगडाची मूर्ती घेण्याआधी बॅगेचं वजन आठवा, गणपती सगळ्यांनाच घ्यावासा वाटतो!

शाकाहारी जेवण मिळतं का? अंडंपण नको.

मिळतं, आणि चांगलं मिळतं, पण नीट सांगावं लागतं. अडचण मांसाची नसते, ती दिसते. अडचण तेरासीची असते, म्हणजे आंबवलेल्या कोळंबीची वडी, आपल्या कोकणातल्या सुकटीसारखा वास असतो तिला, आणि ती चटणीत, भाजीत, कशातही असते. ऑयस्टर सॉस दुसरा. फ्राइड राइसवर तळलेलं अंडं न विचारता येतं, आणि वरचा पापड बऱ्याचदा कोळंबीचा असतो. म्हणून ही वाक्यं पाठ करा: "साया वेजेतारियान", मग "तानपा दागिंग, तानपा इकान, तानपा तेलुर, तानपा तेरासी", म्हणजे मटण-मासे-अंडं-तेरासी काहीच नको. कांदा-लसूण नको तर "तानपा बावांग". जैन मंडळींनी मला आधीच कळवा, आम्ही आदल्या दिवशी स्वयंपाकघरात सांगून ठेवतो.

खायचं काय तर गादो-गादो, उकडलेल्या भाज्या आणि शेंगदाण्याची दाट चटणी. उराप, भाज्यांवर ओल्या खोबऱ्याचा मसाला. तेम्पे, आंबवलेल्या सोयाबीनचा तुकडा तळलेला, हे एकदा आवडलं की रोज मागाल. जातिलुवीहला तिथलाच लाल भात घ्या आणि त्याच भाताचा भाजून केलेला चहा. शेवटी दादार गुलुंग मागवा, पांदानच्या पानांनी हिरवी केलेली पातळ घडी आणि आत ओलं खोबरं न् ताडगूळ, पहिला घास घेतला की प्रत्येक मराठी माणूस एकच म्हणतो, अरे हे तर मोदकाचं सारण.

मांसाहारींसाठी उबुदचं कुरकुरीत बदक आणि बेतुतू, म्हणजे मसाला भरून मंद शिजवलेली कोंबडी किंवा बदक, प्रसिद्ध आहे. बाबी गुलिंग म्हणजे डुकराचं मांस, ज्यांना चालत नाही त्यांनी नाव लक्षात ठेवा.

जेवायला बसायची जागा कशी असते?

जातिलुवीहला खाचरांच्या कडेला, बाजू उघड्या असलेल्या बांबूच्या मंडपात बसतो. रेलिंगजवळचं टेबल हवं असेल तर साडेअकराला बसायचं, साडेबाराला बसेस येतात आणि मग आवाज वाढतो. बुफे मी टाळते, कारण बुफेतली भाजी सकाळपासून गरम होत असते. ऑर्डर देऊन करून घेतलेलं पंधरा-वीस मिनिटं जास्त लागतं पण समोर डोंगर असताना घाई कुणाला आहे. मेन्यूत किमतीपुढे अधिकची दोन चिन्हं दिसली तर टॅक्स आणि सर्व्हिस वेगळं लागतं, बिल त्या हिशोबानं धरा.

ज्यांना ज्वालामुखी बघत जेवायचंय त्यांच्यासाठी दुसरा रूट आहे: सकाळी लवकर तेगलालांग, मग किंतामणीला पेनेलोकानच्या कड्यावर जेवण. समोर १,७१७ मीटरचा बाटुर, पायथ्याशी तलाव, आणि उतारावर लाव्हाचे काळे पट्टे. १९२६ च्या उद्रेकात बाटुर गाव गेलं आणि लोकांनी देवळासकट वर कड्यावर येऊन वस्ती केली, ते देऊळ म्हणजेच वर सांगितलेलं उलुन दानू. खाचरांत जे पाणी येतं त्याची देवी इथे बसलीये, त्यामुळे हा रूटही अपुरा वाटत नाही. गार असतं, स्वेटर नाही तरी ओढणी-जॅकेट असू द्या. दुपारी ढग आले की समोर पांढरं, काहीच दिसत नाही, म्हणून इथेही जेवण लवकर.

लुवाक कॉफी टूरमध्ये आहे का?

नाही आणि ठेवणारही नाही. लुवाक हा उदमांजराचाच प्रकार, तो कॉफीची फळं खातो आणि त्याच्या विष्ठेतल्या बिया धुऊन भाजतात. जंगलातलं गोळा करतात असं सांगितलं तरी बऱ्याच ठिकाणी ती जनावरं लहान पिंजऱ्यात कोंडून नुसती कॉफीवर ठेवलेली असतात, रात्रीचा प्राणी दिवसभर पर्यटकांसमोर. कॉफी प्यायची तर किंतामणीची अरेबिका प्या, संत्र्याच्या झाडांबरोबर लावतात, चवीला किंचित आंबटसर. साधी बाली कॉफी ग्लासात पूड टाकून वरून गरम पाणी घालून देतात, गाळ खाली बसू द्या, ढवळू नका.

देवळात जायला कपड्यांचं काय?

खाली सारोंग आणि कमरेला शेला, बायका-पुरुष दोघांनाही. देवळापाशी भाड्यानं मिळतात, साडी नेसली असेल तरी शेला बांधायला सांगतील. पाळी चालू असताना बायकांनी आत येऊ नये अशी पाटी बहुतेक देवळांवर असते. पटो न पटो, तिथले लोक ते पाळतात, आणि अशा वेळी आधी सांगितलंत तर देवळाऐवजी त्या वेळात दुसरं काही करू. रस्त्यावर, पायरीवर, दुकानाच्या दारात केळीच्या-माडाच्या पानाच्या छोट्या टोपल्या दिसतील, फुलं, तांदूळ, उदबत्ती, कधी एखादं बिस्किट. ती चानांग सारी, रोजची पूजा. ओलांडू नका, बाजूनं जा.

वाटेत गोवा गजाह घ्यायचं का असं विचारतात. अकराव्या शतकातली गुहा आहे, आत डावीकडे गणपती आणि उजवीकडे तीन शिवलिंगं. आजी-आजोबा बरोबर असतील तर त्यांना फार बरं वाटतं, मी आनंदानं थांबवते, पण मग कारागिराकडचा वेळ कमी होतो.

आई-बाबा सत्तरीचे आहेत, जमेल का?

जातिलुवीहला सुरुवातीचा भाग बऱ्यापैकी सपाट फरसबंदी आहे, तेवढं चालून जेवायच्या जागी बसता येतं आणि खाचरं तिथूनही सगळी दिसतात. तेगलालांगला उंच-सखल मातीच्या पायऱ्या आहेत, गुडघे दुखत असतील तर खाली उतरू नका, वरच्या कॅफेत बसा. गुनुंग कावीची डोंगरात कोरलेली स्मारकं मला अतिशय आवडतात, वेरूळ बघितलेल्या माणसानं तर ती बघावीतच, पण पायऱ्या इतक्या आहेत की ते या टूरमध्ये धरत नाही. लहान मुलांसाठी टोपी, डासांचं क्रीम, कपड्यांचा एक जोड जास्त, कारण पाटात एखादं तरी पडतंच.

पैसे, व्हिसा, बाकी खर्च?

भारतीय पासपोर्टला व्हिसा ऑन अरायव्हल मिळतो, ५ लाख रुपिया, ३० दिवस, ऑनलाइन आधी काढला तर रांग वाचते. पासपोर्ट सहा महिने तरी शिल्लक हवा. शिवाय १४ फेब्रुवारी २०२४ पासून बाली प्रांताचा परदेशी पर्यटकांसाठी दीड लाख रुपियांचा कर आहे, तोही ऑनलाइन भरता येतो. लाख ऐकून दचकू नका, एक लाख रुपिया म्हणजे आपले पाचशे ते साडेपाचशे रुपये, भाव वरखाली होतो. अधिकृत मनी चेंजरकडेच बदला, आणि नोटा शेवटी स्वतः मोजून मग हात उचला. गावात कार्ड चालत नाही, सुट्टे ठेवा.

ड्रायव्हरसकट गाडी दहा तासांना साधारण ६ ते ८ लाख रुपिया पडते. स्कूटर भाड्यानं घेऊन जातिलुवीह गाठायचा बेत असेल तर इंटरनॅशनल परमिट, हेल्मेट हवंच, गाड्या आपल्यासारख्या डावीकडूनच चालतात पण घाटात ट्रक असतात आणि पावसात रस्ता घसरतो. अपघात झाला आणि परमिट नसेल तर इन्शुरन्सवाले हात वर करतात. ड्रायव्हरला "ब्ली" म्हणा, म्हणजे दादा, बाईला "म्बोक". निघताना "सुक्स्मा", म्हणजे धन्यवाद, म्हटलंत की ते खूश होतात.

कुटा, सेमिन्याकला राहत असाल तर उबुदपर्यंतच तास-दीड तास जातो, तेव्हा एक-दोन रात्री उबुदला मुक्काम करा.

कुठल्या तारखा टाळाव्यात?

न्येपी. बालीचं शक वर्ष सुरू होतं त्या दिवशी अख्खं बेट बंद असतं, एअरपोर्टसकट, दिवे मंद, कुणी हॉटेलबाहेर पाऊल टाकायचं नाही. शक तोच, आपल्या पंचांगातला. काही वर्षी पाडवा आणि न्येपी लागून किंवा एकाच दिवशी येतात, २०२६ ला दोन्ही १९ मार्चला, शके १९४८. काही वर्षी अधिक महिन्याच्या हिशोबामुळे महिन्याभराचा फरक पडतो, त्यामुळे पाडव्याच्या सुट्टीत तिकीट काढताना न्येपीची तारीख बघूनच काढा. आदल्या संध्याकाळी ओगोह-ओगोह म्हणजे राक्षसांच्या प्रचंड पुतळ्यांच्या मिरवणुका असतात, त्या मात्र चुकवू नका.

गलुंगन दर २१० दिवसांनी येतो, तेव्हा रस्त्याच्या दोन्ही बाजूंना सजवलेले उंच वाकलेले बांबू, पेंजोर, लागलेले असतात. बघायला अप्रतिम, पण ड्रायव्हर आणि कारागीर सगळे आपापल्या गावी, म्हणून त्या दोन-तीन दिवसांत टूर लागत नाही.

बुकिंग करताना तुम्हाला काय काय कळवायचं?

तारीख, हॉटेलचं नाव, किती जण, कुणाचं वय काय, शाकाहारी-जैन-अॅलर्जी, गुडघ्याचा किंवा गाडी लागण्याचा त्रास, आणि चित्रं की लाकूडकाम. गाडी लागत असेल तर गोळी सोबत ठेवा, जातिलुवीहचा शेवटचा अर्धा तास वळणावळणाचा आहे. आणि त्याच रात्रीची परतीची फ्लाइट ठेवू नका, कारण वाटेत एखाद्या गावाची पूजेची मिरवणूक निघाली तर रस्ता अर्धा-पाऊण तास थांबतो, गामेलान हा तिथला वाद्यमेळ वाजत असतो, बायका डोक्यावर फळांचे उंच मनोरे घेऊन जात असतात, आणि कुणीही हॉर्न वाजवत नाही.